थोरल्यांच्या पाठीवरचे कमळ

फार पूर्वी, मध्यदेशात वप्रकेतू राजा राज्य करीत असताना, बोधिसत्त्व लाक्षापुर नावाच्या गावी लाखकारांच्या आळीत जन्माला आला होता. त्याचे नाव सोमिल. लाकडी वस्तूंना लाखेचा रंगीत मुलामा देणे हा त्या आळीचा पिढीजात धंदा. पाळणे, पेट्या, पलंगाचे खूर, देवघरांच्या चौकटी सगळे तिथून जाई. लाक्षापुरचा पाट पुरात वाहून गेला, तर पूर ओसरल्यावर चिखल पुसावा आणि त्यावर जेवायला बसावे, असे दूरदूरचे लोक म्हणत. आळीला या कीर्तीचा गर्व होता, आणि खरे सांगायचे तर तो शोभूनही दिसे.

पण ही गोष्ट सोमिलाच्या आईची म्हणूनच सांगायला हवी, कारण तिच्या मनाची जी उलथापालथ झाली तीच खरी गोष्ट. तिचे नाव वासुला. नवरा पूर्णक ऐन उमेदीत तापाने गेला, तेव्हा सोमिल मांडीवरचा होता. तिने भट्टी विझू दिली नाही. स्वतः लाख कांडली, गाळली, मुलाला काम शिकवले. बाई तोंडाने फटकळ, मानेने ताठ. आळीत कोणी पूर्णकाचे नाव काढले की तिचे बोलणे सुरू होई, आणि ऐकणाऱ्याची पोळी करपली तरी संपत नसे.

तिला एवढे बोलायला विषयही तसाच होता. आळीच्या मधोमध एक पुष्करिणी होती आणि तिच्यात एक फार म्हातारे कासव राहत असे. त्याला कासव म्हणण्याची कोणाची छाती नव्हती. लहानथोर सगळे त्याला ‘थोरले’ म्हणत. ‘थोरले जेवले का’, ‘थोरल्यांना ऊन लागेल’, अशी भाषा. या थोरल्यांच्या पाठीवर लाल, पिवळ्या आणि हिरव्या लाखेची नक्षी चमकत असे आणि बरोबर मध्यभागी एक तांबडे कमळ होते. ते कमळ पूर्णकाच्या हातचे.

त्याची हकीकत अशी. एकदा पुष्करिणीच्या जुन्या भिंतीतला दगड निसटून थोरल्यांच्या पाठीवर पडला आणि कवचाला भेग गेली. पूर्णकाने पाण्यात उडी घालून त्यांना बाहेर काढले, भेग पुसून कोरडी केली आणि कोमट लाखेने बुजवली. थोरले वाचले. पण कारागीरच तो. नुसता लाखेचा गोळा पाठीवर ठेवणे त्याच्या जिवाला लागले, म्हणून त्याने त्यावर कमळ उमटवले. त्याच पावसाळ्यात तो गेला. मग आळीने त्याची आठवण म्हणून दर वसंतोत्सवाला थोरल्यांच्या पाठीवर नवा लेप द्यायची रीत पाडली. कमळाला कोणी हात लावीत नसे, त्यावर फक्त पारदर्शक लाख चढे. पुन्हा दगड निसटू नये म्हणून पुष्करिणीच्या भिंतीही गुळगुळीत, सरळ घडीव दगडांनी बांधून काढल्या. औषध म्हणून लावलेली लाख अशी हळूहळू दागिना होऊन बसली.

त्या वर्षी दवंडी आली की राजा वप्रकेतू वसंतोत्सवाला लाक्षापुरात येणार. नव्या राजवाड्याचे दरवाजे आणि खांब लाखेने मढवायचे होते. ते काम कोणाला द्यायचे हे राजा थोरल्यांची पाठ पाहून ठरवणार होता. आळीप्रमुख नागदत्ताने ताबडतोब सांगून टाकले, “यंदाचा लेप सोमिल देईल. त्याच्या बोटांत बापाची कला उतरली आहे.”

वासुला त्या दिवशी पाणी भरायला गेली ती रिकामा घडा घेऊनच परतली. वाटेत भेटेल त्याला सांगण्यात पाणी भरायचे राहूनच गेले.

सोमिल थोरल्यांची पाठ स्वच्छ करायला पुष्करिणीवर गेला. पाण्यातून त्यांना उचलून मांडीवर घेतले आणि सवयीने बोटाच्या पेराने लेपावर टकटक केली. आवाज पोकळ आला. लाखकाराचे पोर पाळण्यात हा आवाज ओळखते. लेप लाकडापासून सुटला आणि आत ओल शिरली की असा आवाज येतो. सोमिलाने कडेचा एक टवका नखाने उचलला. खालचे कवच पांढुरके, ओले आणि मऊ होते, आणि त्याला घाण वास येत होता. बोट लागताच थोरल्यांनी चारी पाय आत ओढून घेतले.

सोमिल नागदत्ताकडे गेला आणि म्हणाला, “काका, लेप द्यायचा नाही. आहे तो सगळा काढायचा. कवच आतून कुजते आहे.”

आळी जमली. एकच गलका झाला. कोणी म्हणे, लाखेखाली लाकूड कुजत नाही, मग कवच कसे कुजेल? कोणी म्हणे, राजा दारात येऊन ठेपला आणि याला आत्ताच हे सुचावे? नागदत्त मनाने वाईट नव्हता, पण साऱ्या आळीची पोटे त्याला दिसत होती. तो म्हणाला, “बाबा रे, एक जाड लेप दे. राजा पाहून जाऊ दे. मग तुला काय काढायचे ते काढ.”

“काका, आणखी लेप चढला तर आतली ओल कोंडून राहील. पुढे उन्हाळा आहे. थोरले तेवढे टिकायचे नाहीत.”

“आणि राजाला काय दाखवायचे?”

“थोरले दाखवायचे,” सोमिल म्हणाला.

त्या आळीचा एक दंडक होता. मेलेल्या कारागिराचे काम त्याच्या घरच्या वडीलधाऱ्याच्या परवानगीवाचून कोणी मोडायचे नाही, मग ते तुटक्या फणीवरचे असो की देवाच्या दारावरचे. नागदत्ताने तेच पुढे केले. “कमळ पूर्णकाचे आहे. वासुलावहिनी हो म्हणाल्या तर काढा, नाही म्हणाल्या तर लेप द्या. आळी त्यांच्या शब्दाबाहेर नाही.”

सगळ्यांच्या नजरा वासुलेकडे वळल्या. ती उठून उभी राहिली. तिची कानशिले तापली होती.

“माझ्या नवऱ्याचे एवढेच उरले आहे या जगात,” ती म्हणाली. “पेट्या विकल्या गेल्या, पाळणे दुसऱ्यांच्या घरी हलतात. हे एक कमळ मी रोज डोळ्यांनी बघते. त्याला जो हात लावील, तो माझा मुलगा असला तरी त्याचा हात मी जागेवर ठेवणार नाही.”

एवढे बोलून ती तरातरा घरी गेली. जाताना कोणाची तरी परडी तिच्या पायाने लवंडली, तेही तिला कळले नाही.

सोमिल मागोमाग आला. त्याने वाद घातला नाही. आईने ताट आदळले, त्याने मुकाट्याने जेवून घेतले. मग म्हणाला, “आई, तू नाही म्हणालीस, तो शब्द मी मोडणार नाही. पण एकदा माझ्याबरोबर चल. त्यांच्या पाठीवर हात ठेव आणि मग सांग.”

“हात कशाला ठेवायला हवा? मी काय आज बघते आहे त्यांना?”

“बघतेसच. हात मात्र नाही लावलास कधी.”

हे खरे होते. कमळाची चमक जाईल म्हणून ती स्वतःही कधी हात लावीत नसे. ती पदर खोचून निघाली, पण रागानेच.

भर दुपार होती. थोरले नेहमीप्रमाणे भिंतीच्या कडेकडेने पोहत होते. परगावचे लोक हे पाहून हात जोडत आणि म्हणत, थोरले प्रदक्षिणा घालतात. वासुलाही सर्वांना तसेच सांगे. आज ती पायरीवर बसून पाहू लागली. थोरले भिंतीपाशी थांबत, पुढचे पाय दगडाला लावीत, वर चढायला बघत, घसरत, आणि पुढे सरकून पुन्हा तेच करीत. त्यांच्या पायांची नखे झिजून बोथट झाली होती.

“हे काय करतात रे?” तिने विचारले.

“उन्हात यायला वाट शोधतात. पूर्वी इथे मातीचा उतार होता, ते वर येऊन पाठ वाळवत. भिंत बांधल्यापासून त्यांची पाठ कधी वाळलीच नाही, आई.”

सोमिलाने थोरल्यांना उचलून तिच्या मांडीवर ठेवले. तिने कमळावर अंगठा टेकला आणि जरासा दाबला. अंगठ्याखाली लेप दबला आणि थोरले थरथरले. लेपाच्या फटीतून पाणी पाझरले. त्याचा वास आला, आणि वासुलेने अंगठा झटकन मागे घेतला.

तो वास तिच्या ओळखीचा होता. लग्न होऊन ती या घरात नवी आली होती तेव्हा कढत लाख तिच्या याच अंगठ्यावर सांडली होती. लाख घट्ट बसली, वर लालचुटुक दिसे. लाखेने सगळे बरे होते असे माहेरी ऐकलेले, म्हणून तिने ती तशीच राहू दिली. आत पू झाला. अंगठा टम्म फुगला, असाच वास सुटला. पूर्णकाने तेव्हा तिला पुढ्यात बसवून कामटीने ती लाख टवका टवका सोडवली होती. ती किंचाळत होती आणि तो म्हणत होता, “लाख लाकडाची असते गं. जिवंत अंगाला वारा लागतो.” ही गोष्ट वासुलेने आळीत हजारदा सांगितली होती, नवऱ्याच्या मायेचे कौतुक म्हणून. आजवर तिला तिचा अर्थ मात्र लागला नव्हता.

“सोम्या,” ती खालच्या आवाजात म्हणाली, “हे अंग आहे रे त्यांचे. मी मेली त्याला पेटीचे झाकण समजत होते.”

“बाबा जगले असते तर भेग सांधल्यावर त्यांनी स्वतःच लाख काढली असती.”

“असती काय, काढलीच असती! मला काय सांगतोस, नवरा माझा होता.” तिने डोळे पुसले. “आण ती कामटी. नको, तू नको. तुझ्या हाताला घाई आहे.”

आणि पूर्णकाच्या बायकोने पूर्णकाचे काम स्वतःच्या हाताने काढायला घेतले. लेप उन्हात नीट सुकू द्यायचा, मग बांबूच्या कामटीने कडेकडेने उचलायचा. लोखंड वापरायचे नाही, निखारा जवळ आणायचा नाही. जिथे लेप चिकटून बसला असेल तिथे ओढायचे नाही, त्याला त्याचा वेळ द्यायचा. रोज थोडे थोडे काम चाले. आळीतल्या बायका आधी लांबून बघत, मग जवळ येऊन वारा घालू लागल्या. कमळ सर्वांत शेवटी राहिले. वासुलेला वाटले होते, निदान ते तरी अख्खे निघेल. ते निघाले नाही. तिच्या तळहातावर त्याचे तुकडे झाले आणि ती तिथेच बसून लहान पोरीसारखी रडली. त्या दिवशी तिला कोणी काही बोलले नाही.

लेपाखाली कवचाची चाळण झाली होती. सोमिलाने थोरल्यांसाठी अंगणात स्वच्छ रेती पसरली. सकाळी त्यांना उन्हात ठेवी, शेजारी सावलीही करी, म्हणजे नको वाटले की सरकता यावे. कडुनिंबाचा पाला उकळून गार केलेल्या पाण्याने तो खळगे धुई आणि मऊ कापडाने टिपून घेई. दिवसातून थोडा वेळ पाणी प्यायला त्यांना घंगाळात सोडत, मग पुन्हा कोरड्यावर. खायला पाणवनस्पती आणि गोगलगायी. एका भाविकाने पाठ चमकावी म्हणून तेलाची वाटी आणली, तेव्हा वासुलेने त्याला वाटीसकट फाटकाबाहेर घालवले. इकडे आळीतल्या तरुणांनी पुष्करिणीची एक भिंत फोडून पुन्हा मातीचा उतार केला. नागदत्त कपाळाला हात लावून पाहत होता. शब्द दिला होता, त्यामुळे बोलायची सोय नव्हती.

उत्सव आला, राजाही आला. थोरल्यांना सावलीत पाटावर ठेवले होते. पाठीवर पांढरे चट्टे, खळगे, अर्धवट सुटलेले खवले. राजाने एकदा कासवाकडे पाहिले, एकदा नागदत्ताकडे.

“हेच का ते लाक्षापुरचे रत्न? मला तर हे उकिरड्यावरचे खापर दिसते.”

सोमिल पुढे होणार, तोच वासुलेने त्याला कोपराने मागे सारले.

“महाराज, थोरले आज बेढब दिसतात हे खरे,” ती म्हणाली. “आमच्या कौतुकापायी ते आजारी पडले होते. आता बरे होताहेत. आजाऱ्याला नटवून पाहुण्यांपुढे बसवायची आमच्या आळीची रीत नाही. होती, पण ती आम्ही मोडली.”

“ती नक्षी कोणी मोडली?”

“मी. माझ्या नवऱ्याची होती. आणि मोडायला सांगितले माझ्या या मुलाने. आळीत त्याच्यासारखा लेप देणारा दुसरा नाही, महाराज, पण कुठे द्यायचा नाही हे कळणारा तर तुमच्या अख्ख्या राज्यात नाही.”

राजाला त्या बाईची मान पाहून राग आला की हसू, ते कळले नाही. तो रथात बसला आणि निघून गेला. राजवाड्याचे काम मिळाले नाही, नवे दरवाजे साधेच राहिले. आळीतल्या कित्येकांनी वासुलेच्या घरचा विस्तव नेणे बंद केले. तिच्या घरात दोन वेळची चूल कशीबशी पेटे. पण पाणवठ्यावर तिचे बोलणे काही थांबले नाही. फक्त विषय बदलला होता. “आज थोरल्यांनी गोगलगाय मागून घेतली,” असे ती न बोलणाऱ्या शेजारणीलाही ऐकवी.

पुढे पावसाळे आले नि गेले. खळगे भरले. थोरले पुन्हा पुष्करिणीत गेले आणि मातीच्या उतारावरून रोज वर येऊ लागले. मग पाठीवरचे जुने खवले पापडासारखे सुटू लागले. वासुला सगळ्यांना दटावी, “ओढू नका रे, आपले आपण पडू द्या.” एकेक खवला गळे आणि खालून नवे कवच दिसे. काळेभोर, टणक, आणि प्रत्येक खवल्यावर मधल्या टिपक्यापासून कडेपर्यंत गेलेल्या केसाएवढ्या बारीक पिवळ्या रेषा. जिथे पूर्णकाने भेग बुजवली होती, तिथे एक उंचवटा तेवढा राहिला होता.

नागदत्त ते पाहून किती तरी वेळ उकिडवा बसून राहिला. मग त्याने स्वतःचे पागोटे काढले आणि त्या पागोट्यानेच थोरल्यांच्या पायांची माती पुसली. दुसऱ्या दिवशी त्याची सून वासुलेकडे विस्तव मागायला आली.

एके दिवशी राजा शिकारीहून परतताना त्याच वाटेने चालला होता. पुष्करिणीपाशी गर्दी दिसली म्हणून तो उतरला. उतारावर थोरले ऊन खात पसरले होते. मान लांब काढलेली, चारी पाय सैल, डोळे मिटलेले. राजाने वाकून त्यांची पाठ पाहिली आणि म्हणाला, “या रेषा! एवढी नाजूक नक्षी माझ्या दरबारातल्या चितार्‍यांनाही जमत नाही. कोणाचे काम हे?”

सोमिल म्हणाला, “महाराज, हे थोरल्यांचे स्वतःचे काम. इतकी वर्षे ते आमच्या लेपाखाली झाकले होते.”

“आणि तुम्ही काय केले?”

“लेप काढला. ऊन, कोरडी जागा आणि स्वच्छ पाणी दिले. पुन्हा लेप द्यायला हात शिवशिवले, तेव्हा ते आवरले.”

राजाने उंचवट्यावर अलगद बोट ठेवले. थोरल्यांनी एक डोळा उघडला, राजाला पाहिले आणि पुन्हा मिटला. पाय आत घेतले नाहीत. राजा म्हणाला, “कुठे थांबायचे हे ज्या हातांना कळते, त्यांनाच मी माझे दरवाजे देतो. आणि माझ्या राज्यातल्या प्रत्येक पुष्करिणीला एका बाजूला असा मातीचा उतार असावा.”

आळीत आनंदीआनंद झाला. वासुलेने कमळाचे तुकडे फडक्यात जपून ठेवले होते. ते तिने भट्टीवर वितळवले आणि थोरल्यांच्या खाण्याच्या लाकडी वाडग्याला त्याचा लेप दिला. लाख लाकडाला लागली. मग तिने तो वाडगा साऱ्या आळीला दाखवला, आणि नागदत्ताला दोनदा.

शास्त्यांनी, म्हणजे बुद्ध झालेल्या बोधिसत्त्वाने, जेतवनातल्या विहारात ही कथा सांगितली ती अशा प्रसंगी. स्थविर म्हणवणाऱ्या एका वृद्ध भिक्षूंच्या पायांवर भाविक रोज चंदनाचा लेप चढवीत. लेपाखाली टाचांच्या भेगा चिघळल्या, तरी संकोची स्थविर बोलत नव्हते. एका उपासिकेला आपल्या चंदनाचा मोठा अभिमान होता. पण तिने त्या भेगा पाहिल्या मात्र, आणि स्वतःचा लेप गरम पाण्याने धुऊन टाकला आणि पुढे कोणाला लावू दिला नाही. भिक्षूंनी तिची प्रशंसा केली, तेव्हा शास्ते म्हणाले, “भिक्षूंनो, तिने हे आताच केले असे नाही, पूर्वीही केले आहे.” आणि कथा संपवून त्यांनी सांगितले, “त्या वेळचे थोरले म्हणजे हे स्थविर. नागदत्त म्हणजे विहाराची व्यवस्था पाहणारा हा भिक्षू. राजा वप्रकेतू म्हणजे हे चंदन पुरवणारा श्रेष्ठी. वासुला म्हणजे ही उपासिका, आणि सोमिल तो मीच होतो.”

उपासिकेने हात जोडून विचारले, “भगवन्, आणि पूर्णक?”

शास्त्यांनी दाराकडे पाहिले. तिथे तिचा नवरा, कोणी बोलावले नसताना, गरम पाण्याचे दुसरे घंगाळ घेऊन उभा होता.

शास्ते म्हणाले, “धन देणे सोपे आहे. आपल्या हातचे सुंदर काम दुसऱ्याच्या सुखासाठी आपल्याच हाताने मोडणे, ही दानपारमिता, दानाची परिपूर्णता.” उपासिकेने नवऱ्याच्या हातून घंगाळ घेतले, मान ताठ केली आणि ती स्थविरांचे पाय धुवायला बसली.